करारात सासूबाई नव्हत्या

वाचकाचं पत्र, थोडक्यात : पत्रलेखक ३७ वर्षांचे, ऐरोलीत आयटी कंपनीत नोकरीला. घराणं नगरकडचं, प्रोटेस्टंट. पत्नी ठाण्याची, ईस्ट इंडियन (म्हणजे मुंबई-ठाणे पट्ट्यातल्या मूळच्या) कॅथलिक समाजातली, बँकेत नोकरी करते. सहा वर्षांपूर्वी ठाण्यात तिच्या चर्चमध्ये लग्न झालं. मुलगी साडेतीन वर्षांची. लग्नाआधी दोघांनी बसून एक कागद केला होता. घरखर्च निम्मा-निम्मा, घराच्या कर्जाचा हप्ता निम्मा-निम्मा, आणि दोघांच्याही आईवडिलांनी कायमचं राहायला यायचं नाही. सासरे वारल्यावर सासूबाई 'दोन महिन्यांसाठी' आल्या, त्याला आता चौदा महिने झाले. सध्याचं घर भाड्याचं, वन बीएचके. बुक केलेल्या फ्लॅटचा ताबा मिळायला वेळ आहे. आईची औषधं आणि मोतीबिंदूचं ऑपरेशन यांत पैसे गेल्यामुळे पत्नी हप्त्याचा पूर्ण वाटा देत नाही. मेहुणा कॅनडात. सासूबाईंचं ठाण्यातल्या जुन्या वाडीतलं घर कुलूप लावून पडलं आहे; 'आपण सगळेच तिकडे राहायला जाऊ' असं पत्नी एकदा म्हणाली, त्यावर पत्रलेखकांनी 'लोक घरजावई म्हणतील' म्हणून साफ नकार दिला. ते लिहितात : 'करार तिने मोडला. आईबापांना सोडायला तर बायबलच सांगतं. मी सहा महिने वेगळा राहिलो की तिला कळेल. पाळकसाहेब म्हणतात सहन करा, मित्र म्हणतो नोटीस पाठव. लग्नापूर्वीच्या कोर्समध्ये फादर म्हणाले होते, ख्रिस्ती लग्न हा पवित्र करार असतो. मग एकाने मोडलेला करार दुसऱ्याने का पाळायचा?'

नमस्कार.

तुमचं पत्र दोनदा वाचलं. त्यात 'करार' हा शब्द एकोणीस वेळा आलाय; हो, पेन्सिल घेऊन मोजला. सासूबाई टोचून बोलतात, स्वयंपाकघरात सत्ता गाजवतात, नातीला बिघडवतात, असं मात्र एकही वाक्य सापडलं नाही. सासूबद्दल लिहायला बसलेल्या माणसाकडे अशी वाक्यं सहसा भरपूर असतात. तुमची तक्रार त्या बाईंबद्दल नाहीच, कलमाबद्दल आहे. म्हणून आधी कलमाचंच बोलू.

तुम्ही कागद केलात त्याला मी नावं ठेवणार नाही. पैशाचं आधी बोललं की प्रेम आटतं, असं मला कधी वाटलं नाही. मानपानाच्या याद्या आणि 'आमच्याकडे असंच असतं' यांपेक्षा दोन कमावत्या माणसांनी समोरासमोर बसून आकडे मांडलेले कधीही बरे. पण तो कागद आणि अल्तारासमोर दिलेलं वचन या दोन वेगळ्या वस्तू आहेत. आणि आपल्या मराठीने नेमकी इथे गंमत केलीय, दोन्हींना एकच नाव ठेवलंय.

आपण लहानपणापासून बायबलच्या दोन भागांना 'जुना करार', 'नवा करार' म्हणत वाढलो. रविवारी करार म्हणजे देवाने माणसाला दिलेला शब्द. सोमवारी ऐरोलीत ब्रोकरच्या दुकानात करार म्हणजे अकरा महिने, डिपॉझिट आणि एक महिन्याची नोटीस. फादर कोर्समध्ये पहिल्याबद्दल बोलत होते, तुम्ही दुसरा ऐकलात. यात तुमचा दोष कमी, शब्दाचा जास्त.

मूळ हिब्रू शब्द 'बरीथ'. हिब्रूत करार 'करत' नाहीत, 'कापतात'. का, ते बायबलच्या पहिल्या पुस्तकात, उत्पत्तीच्या पंधराव्या अध्यायात दिसतं. अब्राम (पुढचा अब्राहाम) कालवड, शेळी आणि एडका मधोमध चिरतो आणि अर्धे तुकडे समोरासमोर मांडतो. अशा तुकड्यांमधून करार करणारे चालत जात. 'मी शब्द मोडला तर माझंही असंच होवो' असा त्याचा अर्थ. पण त्या संध्याकाळी अब्रामाला गाढ झोप लागते. तुकड्यांमधून जाते ती धुमसणारी भट्टी आणि जळती मशाल. देव एकटाच चालून जातो. दुसऱ्या पक्षाची सही घेतलेलीच नाही. आपल्या रजिस्ट्रेशनच्या ऑफिसात असला दस्त कोणी स्वीकारणार नाही.

आता तुमच्या लग्नात बोललेली वाक्यं आठवा. सुखात आणि दुःखात, आजारात आणि आरोग्यात मी एकनिष्ठ राहीन. आयुष्यभर प्रेम करीन, मान राखीन. यात 'जर' कुठे आहे? 'तू हप्ता वेळेवर भरलास तर' नाही, 'तुझी आई आली नाही तर' नाही. भाडेकरारातलं जवळजवळ प्रत्येक कलम समोरच्याकडे बोट दाखवतं. इथे प्रत्येक वाक्याचा कर्ता 'मी'. ती तिच्याबद्दल बोलली, तुम्ही तुमच्याबद्दल. म्हणून 'तिने मोडला, आता मी मोकळा' हे गणित इथे बसत नाही. तिने काही मोडलं असेलच तर तिने तिचा शब्द मोडला. तुमचा शब्द अजून तुमच्यापाशीच आहे.

एक गोष्ट सांगते, तिने तुम्ही चक्रावाल. तुमचं लग्न कॅथलिक चर्चमध्ये झालं, म्हणून त्या चर्चचा कायदाही लागू. त्या कायद्याच्या संहितेचं ११०२ वं कलम म्हणतं की भविष्यातल्या गोष्टीची अट घालून केलेलं लग्न वैधच होत नाही. म्हणजे 'आईवडील येणार नाहीत' ही अट तुमच्या लग्नाचा पाया होती असं तुम्ही म्हणालात, तर करार मोडल्याचा प्रश्न राहतच नाही, मुळात लग्नच उभं राहत नाही. तुम्हाला तसं म्हणायचं नाही, हे मला कळतं. (आणि हे वाचून कोणी चर्चच्या न्यायालयाचा पत्ता शोधू नये. आपसातली व्यवस्था वेगळी, लग्नाची अट वेगळी. शिवाय चर्चने लग्न रद्दबातल ठरवलं तरी सरकारदरबारी ते कायमच असतं. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये हे सांगितलं आणि २०१७ मध्ये पुन्हा.)

कॅथलिकांच्या १९१७ च्या संहितेत लग्नाला साध्या व्यवहारातल्या करारासाठीचा लॅटिन शब्द होता. कॅथलिक बिशपांच्या दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्ये त्याऐवजी बायबलमधल्या कराराचा शब्द वापरला आणि १९८३ च्या संहितेने तोच घेतला. तुमच्या प्रोटेस्टंट बाजूला कॅल्विन या धर्मसुधारकाने जुन्या करारातल्या मलाखीच्या पुस्तकावरून असंच काही मांडलं होतं. मलाखी पत्नीला 'तुझ्या कराराची पत्नी' म्हणतो आणि नवरा-बायकोच्या मध्ये देवाला साक्षीदार म्हणून उभा करतो. पहिला प्रोटेस्टंट सुधारक ल्यूथर मात्र लग्नाला संस्कार मानायला तयार नव्हता, ती त्याच्या मते संसारातली बाब. पण संसारातली म्हणजे हलकी नव्हे. १५२२ मध्ये त्याने लिहिलंय की बाप बाळाची दुपटी धुतोय आणि लोक त्याला हसतायत, तेव्हा देव सगळ्या देवदूतांसह आनंदाने हसत असतो. संस्कार की संसार, यावर तुमची आणि तिची चर्च कित्येक पिढ्या भांडली. शब्द देताना अट घालायची नाही, यावर भांडण नव्हतं.

आता तुमचं हुकमाचं पान. 'आईबापांना सोडून.'

उत्पत्ती २:२४. हे वचन कृपा करून पुन्हा वाचा, सावकाश. सोडायला कोणाला सांगितलंय? पुरुषाला. पुरुष आपल्या आईबापांना सोडून आपल्या स्त्रीशी जडून राहील. हे वचन तुम्ही बायकोला ऐकवताय! आपल्याकडे सोडून येण्याचं काम हजारो वर्षं बाईच करते, तिला वचनाची गरज पडली नाही. वचन सांगावं लागलं ते पुरुषाला. शब्दशः घ्यायचं ठरवलं तर हे वचन घरजावयाच्या बाजूचं निघतं, आणि तुम्हाला भीती कशाची वाटते, तर तोच शब्द लोक वापरतील याची.

अर्थात ते शब्दशः घ्यायचं नाही. त्या काळचे इस्राएली मुलगे लग्नानंतरही बापाच्या आसपासच तंबू ठोकून राहत. सोडायचा असतो तो पहिला क्रम. आधी आईबाप आणि मग बायको, हा क्रम उलटा करायचा. पत्ता बदलण्याबद्दल तिथे काही नाही. येशूने घटस्फोटाच्या प्रश्नावर हेच वचन उद्धृत केलं. आणि त्याच येशूने मार्कच्या शुभवर्तमानाच्या सातव्या अध्यायात कोणाला झापलंय ते पाहा. आईबापांना द्यायचं ते 'कुर्बान', म्हणजे देवाला वाहिलेलं, असं जाहीर करून हात झटकणाऱ्यांना. धर्माचा शब्द पुढे करून म्हाताऱ्या माणसांची जबाबदारी टाळायची युक्ती तेव्हाही होती. आईबापांचा मान राख ही आज्ञा तुमच्याकडे पाचवी मोजतात, तिच्याकडे चौथी, आज्ञा एकच.

आणि पेत्र? मार्कचा पहिलाच अध्याय. कफर्णहूमात शिमोन (म्हणजेच पेत्र) आणि त्याचा भाऊ आंद्रिया यांच्या घरी येशू जातो, तर शिमोनाची सासू तापाने पडलेली. म्हणजे ज्याच्यावर मंडळी, म्हणजे चर्च, उभी राहिली त्या माणसाच्या घरात भाऊही होता आणि सासूही. ते घर वन बीएचकेपेक्षा मोठं असेल असं मला वाटत नाही. ती बरी झाली आणि उठून सगळ्यांची सेवा करू लागली, एवढंच लिहिलंय. पेत्राने तिला कोणत्या कलमाखाली ठेवून घेतलं होतं, ते नाही.

आणखी एक. 'तू जाशील तिकडे मी येईन, तू राहशील तिथे मी राहीन' हे लग्नपत्रिकांवर मी कितीदा पाहिलंय. सोनेरी अक्षरांत, खाली दोन अंगठ्या. रूथचे शब्द आहेत ते. रूथ कोणाला म्हणतेय? नवऱ्याला नाही, तो तर मेलाय. सासूला म्हणतेय. बायबलमधलं माणसामाणसातलं सगळ्यात सुंदर वचन एका विधवा सुनेने विधवा सासूला दिलेलं आहे. तुमच्या पत्रिकेवर ते होतं का, मला माहीत नाही. असेल तर फ्रेम करून हॉलमध्ये लावा, सासूबाई तिथेच झोपतात म्हणालात ना.

मी गंमत करतेय, पण तुमची अडचण मला गंमतीची वाटत नाही. माझ्या सासूबाई अकरा वर्षं आमच्या ठाण्याच्या घरात हॉलमध्ये झोपल्या. पहाटे पाचला त्यांचा रेडिओ सुरू व्हायचा. एका वन बीएचकेत चौथं माणूस म्हणजे काय हे मला कोणी समजावून सांगायला नको. नवरा-बायकोला कुजबुजून भांडावं लागतं आणि कुजबुजूनच समेट करावा लागतो. तुम्ही थकला आहात. तेवढं लिहिलं असतंत तरी मला पुरलं असतं. पण थकलो म्हणायला संकोच वाटतो, 'करार मोडला' म्हणायला बळ येतं.

तुमच्या हिशेबात दोन नोंदी राहून गेल्यात. पत्राच्या शेवटी जाता जाता तुम्ही लिहिलंय की मुलीचं पाळणाघर बंद केलं, ती दिवसभर आजीकडे असते. पाळणाघराचे महिन्याला ९ हजार वाचले, ते कोणत्या रकान्यात टाकलेत? एक्सेलची शीट तुम्ही जपून ठेवलीय म्हणून विचारते. दुसरी नोंद : 'माझे आईवडील उन्हाळ्यात नगरहून दोन महिने येतात, पण ते पाहुणे म्हणून.' सहा वर्षं, दरवर्षी दोन महिने. पाहुणा किती दिवसांनी पाहुणा राहत नाही, याचं कलम तुमच्या कागदात होतं का?

इतकं ऐकवल्यावर तुमच्या पत्नीबद्दलही बोलते, कारण चूक तिचीही आहे, आणि लहान नाही. दोन महिन्यांचे चौदा झाले, त्या प्रत्येक महिन्यात तिने तुमच्याशी बोलायला हवं होतं. हप्ता कमी भरणार हे सांगून भरायचं असतं, बँकेचा मेसेज येऊन कळायचं नसतं. आईबद्दलची माया एकतर्फी निर्णयाला माफी देत नाही. मराठी ख्रिस्ती माणसांना याचं उदाहरण शोधायला लांब जावं लागत नाही. नारायण वामन टिळकांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला तो लक्ष्मीबाईंना न सांगता. माणूस मोठा, श्रद्धा खरी, पण बायकोला आधी सांगायचं राहिलं ते राहिलंच. त्यापायी दोघांनी काही वर्षं ताटातूट सोसली. पुढे ती एकत्र आली आणि १९०० मध्ये लक्ष्मीबाईंनी स्वतः बाप्तिस्मा घेतला. त्यांचं लग्न चर्चमध्ये लागलं नव्हतं, ब्राह्मणाने अंतरपाट धरून लावलेलं होतं. शब्द न मोडण्याची ताकद चर्चच्या दारातूनच आत येते असं काही नाही, हे ज्या हिंदू वाचकांना या मजकुराशी आपला काय संबंध असं वाटत असेल त्यांच्यासाठी.

म्हणून पाळकसाहेबांचा 'सहन करा' हा सल्ला मला अर्धाच वाटतो. बायबलमधला करार मुका नाही. होशेय आणि मीखा या संदेष्ट्यांना उघडून पाहा : देव आपल्या लोकांवर चक्क फिर्याद लावतो, डोंगरांना साक्षीला बोलावतो, 'मी तुझं काय वाईट केलं ते सांग' म्हणतो. रागावतो, भांडतो, रडतोही. फक्त एक करत नाही, उठून जात नाही. इफिसकरांना लिहिलेल्या पत्रातलं 'स्त्रियांनो, आपल्या पतीच्या अधीन असा' सगळ्या पुरुषांना पाठ असतं. त्याच्या आधीचं वाक्य, 'एकमेकांच्या अधीन असा', कोणाला आठवत नाही. भांडा हो. नीट, वेळ ठरवून, एका विषयावर भांडा.

आता सहा महिने वेगळं राहण्याचं. हे कशासाठी, ते तुम्हीच लिहिलंत : 'तिला कळेल.' म्हणजे ही शिक्षा आहे. पौलाने करिंथकरांना लिहिताना नवरा-बायकोने काही काळ दूर राहायला परवानगी दिली आहे; पण दोघांच्या संमतीने, थोड्या काळासाठी, प्रार्थनेकरिता. धडा शिकवण्याकरिता नाही. व्यवहाराचं विचाराल तर, एका घराचं भाडं न झेपणाऱ्या माणसाने दुसरं भाडं कुठून भरायचं? आणि साडेतीन वर्षांच्या मुलीला काय सांगणार, बाबा ऐरोलीतच आहे पण दुसऱ्या सेक्टरमध्ये? नोटिशीचं तर नावच नको. वकिलाचा कागद घरात आला की त्यानंतरचं प्रत्येक वाक्य वकिलाला विचारून बोललं जातं.

इथे जरा थांबते, कारण हे सदर तुम्ही एकटेच वाचत नाही. ज्या घरात मारहाण आहे, धमक्या आहेत, दारूपायी पोरं उपाशी आहेत, त्या घरासाठी वरचं एक अक्षरही मी लिहिलेलं नाही. 'देवाने जोडलं ते माणसाने तोडू नये' हे ऐकवून मार खाणारीला परत पाठवणाऱ्यांना माझा सलाम नाही. मारणारा करार तोडून बसलेलाच असतो. कॅथलिक कायद्याचं ११५३ वं कलम जिवाला किंवा आत्म्याला गंभीर धोका असेल तर वेगळं राहण्याचा हक्क देतं. कधी कधी वेगळं होणं नैतिकदृष्ट्या आवश्यकच असतं, असं पोप फ्रान्सिस यांनी २०१६ मध्ये लिहिलं. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा २००५ चा कायदा सगळ्या धर्मांच्या बायकांना आहे, १८१ हा मदतीचा क्रमांक आहे. आपल्या समाजातल्या बायका इतकं का सोसत आल्या, याला चर्चइतकाच कायदाही जबाबदार होता. १८६९ च्या ख्रिस्ती घटस्फोट कायद्यात नवऱ्याला बायकोचा व्यभिचार दाखवला की पुरे. बायकोला मात्र व्यभिचाराच्या जोडीला छळ किंवा त्याग असं आणखी काही सिद्ध करावं लागे. ते बदलायला २००१ उजाडलं. परस्पर संमतीने घटस्फोटाची सोयही ख्रिस्ती जोडप्यांना तेव्हाच मिळाली.

तुमच्या घरात यातलं काही नाही. तुमच्या घरात एक म्हातारी बाई, एक कमी पडणारी खोली आणि चौदा महिने न झालेलं एक बोलणं आहे.

ते बोलणं घरात करू नका. शनिवारी संध्याकाळी मुलीला आजीकडे ठेवा (बघा, तीही सोयच) आणि दोघं ठाण्याला तलावपाळीला जा. सुरुवात कागदाने करायची नाही. 'मी थकलोय, आणि तू मला न विचारता ठरवत गेलीस याचं मला वाईट वाटलंय' हे वाक्य मी तुम्हाला उसनं देते. मग गप्प बसा. बाप गेल्यावर तिला काय झालं, हे तुम्ही तिला कधी विचारलंय? तुमच्या पत्रात सासऱ्यांचं जाणं फक्त तारीख सांगायला आलंय.

पैशाचं दुसऱ्या दिवशी बोला, आणि तेव्हा शीट जरूर उघडा. पाळणाघराचे वाचलेले पैसे लिहा. सासूबाईंना सासऱ्यांची पेन्शन आहे का, ठेवी आहेत का, हे तुम्हाला माहीतच नाही असं दिसतं. तो प्रश्न पत्नीने आईला विचारायचा, तुम्ही नाही. कॅनडातल्या मेहुण्याचं नावही रकान्यात यायला हवं. आईवडील आणि ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाहाचा २००७ चा कायदा मुलगा आणि मुलगी दोघांनाही जबाबदार धरतो. म्हणजे तुमची पत्नी आईसाठी करते ते तिचं कर्तव्य आहे, उपकार किंवा बंड नव्हे, आणि तेच कर्तव्य तिच्या भावाचंही आहे. औषधांचा निम्मा खर्च त्याने दरमहा पाठवावा हे बोलणं त्याच्या बहिणीने करावं. जावयाने केलं तर वर्षभर त्यावरच बोललं जाईल.

आणि सासूबाईंना विचारा. तुमच्या तीन पानांत त्यांना काय हवंय हे कुठेच नाही. कदाचित त्यांनाही हॉलमध्ये झोपायचं नसेल. कदाचित त्यांना त्यांची वाडी हवी असेल, ओळखीचं चर्च, सकाळची मिस्सा, शेजारच्या बायका. आणि मुलीला बरं वाटावं म्हणून त्या तुमच्या सोफ्यावर पडून असतील. असं मी बऱ्याच घरांत पाहिलंय.

मध्यस्थ लागला तर एकच निवडा. तुमचे पाळकसाहेब आणि तिचे फादर असे दोघं बोलावलेत तर घरात धर्मसभा भरेल. दोघांनाही प्रश्न विचारील, उपदेश कमी करील, असा जो असेल तो घ्या. कोणत्या चर्चचा ते पाहू नका.

मग एक नवा कागद करा. हो, मीच सांगतेय. शब्द दिलेल्या माणसांनी रोजच्या व्यवहाराचे कागद करायला काहीच हरकत नाही, फक्त ते भाडेकराराप्रमाणे मुदतीचे असावेत. अकरा महिन्यांनी पुन्हा बसायचं, खोडायचं, वाढवायचं. रात्री साडेनऊनंतर बेडरूमचं दार बंद, हे लिहा. महिन्यातला एक रविवार तुम्ही दोघं बाहेर, हे लिहा. तुमच्या आईवडिलांचे दोन महिने कसे बसवायचे, हेही. आणि या वेळी कागदावर आजीचीही सही घ्या, घरात राहणारं माणूस आहे ते.

राहता राहिलं घर. भाडेकरार पुढच्या महिन्यात संपतोय असं तुम्ही लिहिलंय. वाडीतल्या घराला तुम्ही नाही म्हणालात ते लोकांच्या भीतीने. घर कसं आहे, किती खोल्या आहेत, छप्पर गळतं का, याबद्दल पत्रात चकार शब्द नाही. ठाण्याहून ऐरोलीला यायला मध्ये फक्त दिघा गाव स्टेशन आहे. पत्नीची बँक ठाण्यातच. जे लोक घरजावई म्हणतील, त्यांच्यापैकी किती जण तुमचा हप्ता भरणार आहेत, तेही त्या शीटमध्ये लिहून टाका. घर नाहीच जमलं तर घणसोलीकडे थोडं आत टू बीएचके बघा. पण ब्रोकरला फोन लावायच्या आधी वाडीच्या घराची किल्ली कोणाकडे असते, तेवढं सासूबाईंना विचारा आणि रविवारी मिस्सा झाल्यावर चौघं मिळून ते दार उघडून या.